गायनाचार्य विष्णु दिगंबर पलुस्कर : शिकविणे हेच ज्यांचे गाणे झाले

ओझरहून आग्रा रोडने नाशिकला निघाले की आडगाव मागे पडते आणि गोदावरीचा पूल येण्यापूर्वीच पंचवटी लागते. काळाराम मंदिर, सीतागुंफा, रामकुंड ही तेथील स्थळे आपणां सर्वांच्या परिचयाची आहेत. आपल्यापैकी अनेकजण कामधंद्यानिमित्त आठवड्यातून कितीतरी वेळा या वस्तीतून जातात. परंतु याच पंचवटीत १९२२ च्या सुमारास एका थोर गायकाने 'रामनाम आधार आश्रम' उभारला आणि आपल्या आयुष्याची उत्तरसंध्या तेथे नामस्मरणात व शिष्यांच्या सहवासात घालविली, हे फार थोड्यांना ठाऊक असेल. गायनाचार्य पंडित विष्णु दिगंबर पलुस्कर हे त्यांचे नाव. ऑगस्ट महिन्यातच त्यांची जयंती येते आणि अवघ्या तीन दिवसांच्या अंतराने पुण्यतिथीही येते. त्या निमित्ताने त्यांच्या जीवनाची ओळख आमच्या वाचकांना करून द्यावी, असे आम्हांस वाटले.

पंडितजी ख्रिस्ती नव्हते. ते रामभक्त होते व अखेरपर्यंत रामभक्तच राहिले. मग धर्मप्रांताच्या या पानावर त्यांचे चरित्र कशासाठी, असा प्रश्न कोणी विचारील. त्याचे उत्तर आपल्या घरांतच आहे. आपल्या धर्मग्रामांतील कितीतरी मुले-मुली हार्मोनियम, तबला अथवा गायन शिकतात आणि प्रारंभिक, प्रवेशिका, मध्यमा, विशारद अशा परीक्षांना बसतात. रविवारच्या मिस्सामध्ये पेटीवर बसणारा तरुण बहुधा याच शिडीच्या एखाद्या पायरीवर उभा असतो. ही शिडी पंडितजींच्या शिष्यांनी गुरूच्या पश्चात उभी केली. ज्याच्या विहिरीचे पाणी आपण पितो त्याचे नाव तरी आपणांस ठाऊक असावे, एवढाच आमचा हेतू आहे.

अंधारातून निघालेली वाट

विष्णु दिगंबर यांचा जन्म १८ ऑगस्ट १८७२ रोजी कुरुंदवाड येथे झाला. हे गाव त्या वेळी एका छोट्या संस्थानाची राजधानी होते. आज ते कोल्हापूर जिल्ह्यात आहे. घराण्याचे मूळ आडनाव गाडगीळ, परंतु पलूस गावावरून ते पलुस्कर म्हणून ओळखले जाऊ लागले. वडील दिगंबर गोपाळ हे कीर्तनकार होते. त्यामुळे स्वर, ताल आणि भक्ती ही तिन्ही त्या बालकाच्या कानांवर एकदमच पडली. कीर्तनकाराच्या घरात गाणे हा केवळ करमणुकीचा विषय नसतो, ते देवाचे नाव लोकांपर्यंत पोहोचविण्याचे साधन असते. हा संस्कार पुढे जन्मभर त्यांच्याबरोबर राहिला.

मुलगा शाळेत जाऊ लागला होता. शिकून-सवरून कोठेतरी चांगल्या नोकरीस लागावा, अशी त्या काळच्या कोणत्याही मध्यमवर्गीय घरासारखीच याही घराची अपेक्षा असणार. परंतु एका उत्सवाच्या वेळी शोभेची दारू त्याच्या चेहऱ्याजवळ फुटली आणि दोन्ही डोळ्यांना जबर इजा झाली. उपचारासाठी त्याला मिरजेस नेण्यात आले. दृष्टी पूर्ण गेली नाही, पण ती कायमची अधू झाली. ज्या मुलाला पुस्तक धड वाचता येत नाही त्याने शाळेत बसून काय करावे? आई-वडिलांपुढे हा प्रश्न केवढ्या काळोखासारखा उभा राहिला असेल, याची कल्पना अपंग मूल असलेल्या प्रत्येक कुटुंबास येऊ शकेल.

मुलाचा गळा गोड होता. डोळे गेले तरी कान शाबूत होते. तेव्हा याला गाणे शिकवावे, असे ठरले आणि मिरजेतच पंडित बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर यांच्या हाती त्याला सोपविण्यात आले. बाळकृष्णबुवा हे ग्वाल्हेरची गायकी महाराष्ट्रात आणणारे अग्रगण्य गायक. ती विद्या त्यांनी स्वतः अपार कष्ट सोसून, दूर ग्वाल्हेरच्या परंपरेतील वासुदेवबुवा जोशी यांच्याकडून मिळविली होती. मिरजेच्या अधिपतींनी या होतकरू विद्यार्थ्याच्या निर्वाहाची सोय केली आणि सुमारे बारा वर्षे विष्णु दिगंबर गुरूपाशी राहिले. पहाटेचा रियाज, गुरूची सेवा, एकेका रागावर महिनोन् महिने घोटणे असे ते शिक्षण होते. पुस्तक नाही, फळा नाही, परीक्षा नाही. गुरूच्या कंठातून निघेल तेवढेच शिष्याच्या कानात शिरावयाचे.

मानाच्या पंगतीबाहेर

या शिक्षणाच्या काळात एक गोष्ट त्या तरुणाच्या मनाला लागली. चरित्रकार सांगतात की, एका समारंभाचे निमंत्रण संस्थानाच्या आश्रयास असल्यामुळे विष्णु दिगंबर यांना मिळाले, परंतु त्यांच्या गुरूंना मात्र मिळाले नाही. गाणाऱ्याला प्रतिष्ठितांच्या पंगतीत बसविण्याची रीत नव्हती. ज्यांच्या चरणांशी बसून आपण शिकतो त्यांना समाज आपल्या बरोबरीचाही मानीत नाही, हे शल्य त्यांच्या मनात खोल रुतले.

त्या काळी संगीताची स्थिती कशी होती, हे येथे समजून घेतले पाहिजे. उत्तम गायक राजेरजवाड्यांच्या पदरी असत. त्यांचे गाणे दरबारात व धनिकांच्या दिवाणखान्यात चाले. सामान्य माणसाला ते ऐकावयास मिळत नसे आणि सुशिक्षित घरांत तर गाणे शिकणे हे मुलगा बिघडल्याचे लक्षण समजले जाई. मुलींनी गाणे शिकणे ही कल्पनाही सहन होत नसे. शिवाय जाणकार गायकही आपली विद्या सहजासहजी कोणास देत नसत. कित्येक दुर्मीळ चिजा अशा रीतीने धन्याबरोबरच स्मशानात अथवा कबरीत गेल्या.

१८९६ साली विष्णु दिगंबर यांनी मिरज सोडली. संस्थानचा आश्रय, ठरलेले अन्न, ओळखीची माणसे, सारे मागे ठेवून हा अधू दृष्टीचा चोवीस वर्षांचा तरुण घराबाहेर पडला. सातारा, बडोदे, ग्वाल्हेर अशी भ्रमंती झाली. कोणत्याही दरबारात नोकरी मात्र पत्करावयाची नाही, असा त्यांचा निश्चय होता. सौराष्ट्रात त्यांनी तिकीट लावून जाहीर गायन केले. आज आपणांस यात काही विशेष वाटणार नाही. पण ज्या काळी गाणे हे राजाच्या मर्जीवर अवलंबून होते त्या काळी चार आणे देणाऱ्या साध्या माणसापुढे शास्त्रीय गायक बसतो, ही गोष्टच नवी होती. मथुरेस राहून त्यांनी ब्रजभाषेचा अभ्यास केला, कारण ज्या पदांचे शब्द आपण गातो त्यांचा अर्थ आपणांस कळलाच पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. तेथून ते पंजाबच्या दिशेने निघाले.

लाहोरचे विद्यालय

५ मे १९०१ रोजी लाहोर येथे त्यांनी गांधर्व महाविद्यालयाची स्थापना केली. मातृभूमीपासून शेकडो कोस दूर, परक्या भाषेच्या प्रांतात, हाती भांडवल नसताना हे धाडस त्यांनी केले. संगीताचे असे विद्यालय की जे कोणा राजाच्या खजिन्यावर नव्हे, तर लोकांच्या वर्गणीवर आणि गायनाच्या मिळकतीवर चालेल. प्रवेशासाठी घराणे पाहावयाचे नाही, शिकण्याची इच्छा पाहावयाची. ठरलेली वेळ, ठरलेला अभ्यासक्रम, वर्ग, परीक्षा, प्रमाणपत्र अशी शाळेची शिस्त त्यांनी संगीतास लावली.

आरंभी विद्यार्थी येईनात. लोक कुतूहलाने पाहत आणि निघून जात. असे सांगतात की, विद्यार्थी नसतानाही पंडितजी ठरल्या वेळी तंबोरा घेऊन वर्गात बसत व नियमाने गात. हळूहळू एक आला, दुसरा आला आणि पुढे वर्ग भरू लागले. रिकाम्या बाकांपुढे प्रवचन करण्याचा प्रसंग ज्या धर्मगुरूवर आला असेल, अथवा दोनच मुलांना घेऊन ज्या भगिनीने धर्मशिक्षणाचा वर्ग चालविला असेल, त्यांना या तंबोऱ्याचे मोल अधिक सांगावयास नको.

विद्यालयात एक विशेष वर्ग होता, तो उपदेशक वर्ग. त्यातील विद्यार्थ्यांची राहण्या-जेवण्याची सोय विद्यालय करी. त्याच्या बदल्यात त्यांनी ठरावीक वर्षे राहून पूर्ण शिक्षण घ्यावयाचे व नंतर संगीताचा प्रसार करावयाचा, असा करार असे. नियम कडक होते. पहाटे उठणे, प्रार्थना, व्यसनापासून दूर राहणे, स्वच्छ पोशाख, सभ्य वर्तन यांत सूट नव्हती. गवई म्हणजे व्यसनी, असा जो समज समाजात रूढ होता तो शब्दांनी नव्हे, तर शिष्यांच्या वागणुकीने पुसावा, असे पंडितजींनी ठरविले होते. आमच्या वाचकांना या वर्णनावरून सेमिनरीची आठवण झाली तर आश्चर्य वाटावयास नको. तेथेही एक माणूस घडवावयाचा असतो तो त्याच्या स्वतःसाठी नव्हे, तर ज्यांच्याकडे त्याला पाठवावयाचे आहे त्यांच्यासाठी.

स्त्रियांच्या संगीतशिक्षणाकडेही त्यांनी लक्ष दिले. त्यांच्यासाठी वर्ग चालविले, पुस्तके लिहिली. सुसंस्कृत घरातील लेकी-सुना आज निःसंकोचपणे तंबोरा घेऊन बसतात, याचे बरेचसे श्रेय त्या पिढीच्या परिश्रमांना आहे.

कंठातले कागदावर

पंडितजींचे दुसरे मोठे कार्य लेखनाचे. युरोपात पियानो शिकणारा विद्यार्थी पुस्तक समोर उघडून बसतो. शेकडो वर्षांपूर्वी आणि शेकडो मैलांवर होऊन गेलेल्या संगीतकाराची रचना तो वाचून वाजवू शकतो. आपल्याकडे तशी सोय नव्हती. गुरू गेला की त्याच्याबरोबर गाणेही गेले. वर्गात एकाच वेळी वीस-तीस मुलांना शिकवावयाचे तर पुस्तक हवे, आणि पुस्तक हवे तर स्वर लिहिण्याची पद्धती हवी. ती पंडितजींनी स्वतः सिद्ध केली. मंद्र सप्तकाच्या स्वरावर टिंब, तार सप्तकाच्या स्वरावर उभी रेघ, कोमल स्वरास पाय मोडल्याची खूण आणि प्रत्येक स्वराच्या खाली तो किती मात्रा टिकवावयाचा याचे चिन्ह. त्या आधारे त्यांनी 'संगीत बालबोध', 'संगीत बालप्रकाश', 'राग प्रवेश', 'भजनामृत लहरी' यांसारखी अनेक पुस्तके तयार केली, 'संगीतामृत प्रवाह' हे मासिक काढले आणि छपाईसाठी विद्यालयाचे स्वतःचे मुद्रणालयही चालविले. ज्याला बालपणी डोळ्यांच्या अधूपणामुळे पुस्तक मिटावे लागले, त्याच माणसाने हजारो मुलांच्या हाती संगीताचे पुस्तक दिले. परमेश्वराची योजना माणसाला उमगत नाही, ती अशी.

याच काळात मुंबईचे पंडित विष्णु नारायण भातखंडे हेही अशाच कार्यात मग्न होते. व्यवसायाने वकील असलेल्या भातखंड्यांनी देशभर हिंडून उस्तादांकडून चिजा मिळविल्या, मराठीत 'हिंदुस्थानी संगीत पद्धती' हा चार भागांचा ग्रंथ लिहिला आणि स्वरलेखनाची आपली निराळी पद्धती बसविली. ती अधिक सुटसुटीत असल्याने पुढे अधिक रूढ झाली. भातखंडे हे शास्त्राचे अभ्यासक, तर पलुस्कर हे प्रचारक. दोघांचे मार्ग भिन्न होते, मतेही नेहमी जुळत नसत. परंतु विद्या कुलुपातून बाहेर काढावयाची, हा दोघांचाही ध्यास होता.

आम्हां कॅथलिकांना या ठिकाणी एका जुन्या धर्मबंधूची आठवण होते. अकराव्या शतकात इटलीत ग्विदो नावाचे बेनेडिक्टाइन संन्यासी होऊन गेले. मठातील मुलांना उपासनेची गीते पाठ करण्यात वर्षानुवर्षे घालवावी लागतात, हे पाहून त्यांनी ओळींवर स्वर लिहिण्याची पद्धती सुधारली आणि बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाच्या स्तोत्रातील ओळींच्या आद्याक्षरांवरून स्वरांना नावे दिली. त्यामुळे पूर्वी कधी न ऐकलेले गीतही मुले पाहून गाऊ लागली. त्यांच्या स्वतःच्या मठात या नवलाईचे स्वागत झाले नाही. त्यांना तो सोडून आरेत्सो नगरात जावे लागले. पुढे मात्र पोप योहान एकोणिसावे यांनी त्यांना रोम येथे बोलावून त्यांची पद्धती समजून घेतली. आज जगभर पियानोपुढे जे पुस्तक उघडले जाते त्याचे मूळ या संन्याशाच्या त्या खटपटीत आहे. ग्विदो आणि पलुस्कर यांच्यामध्ये नऊशे वर्षांचे अंतर आहे, धर्म व देश निराळे आहेत; पण दोघांनाही मुलांचे वाया जाणारे श्रम पाहवले नाहीत.

मुंबईतील वैभव आणि लिलाव

१९०८ साली मुंबईत गांधर्व महाविद्यालयाची शाखा निघाली आणि पंडितजींचे मुख्य कार्यक्षेत्र तेच झाले. विद्यार्थी वाढले, कीर्ती पसरली. सँडहर्स्ट रोडवर विद्यालयाची स्वतःची प्रशस्त इमारत उभी राहिली. संगीताला मंदिरासारखी वास्तू मिळाली, अशी धन्यता शिष्यांना वाटली असेल. परंतु इमारत कर्जावर उभी होती. पंडितजी गावोगाव गायनाचे कार्यक्रम करीत, मिळालेले पैसे विद्यालयाच्या तिजोरीत टाकीत. तरी उपदेशक वर्गाचा खर्च, छपाईचा खर्च आणि व्याज यांचा मेळ बसेना. देणगीची आश्वासने देणारे पुष्कळ असतात, ती पाळणारे थोडे. अखेर १९२० च्या दशकाच्या पूर्वार्धात धनकोंनी मालमत्तेवर जप्ती आणली आणि इमारतीचा लिलाव झाला. वीस-बावीस वर्षांची कमाई डोळ्यांदेखत गेली.

घरातील दुःख याहून मोठे होते. पत्नी रमाबाई यांनी संसाराची ओढाताण निमूटपणे सोसली. त्यांची एकामागून एक अनेक अपत्ये बालवयातच दगावली. अखेर १९२१ साली जन्मलेला दत्तात्रय हा एकच मुलगा जगला. बाहेर शेकडो मुलांना ज्यांनी पुत्रवत वाढविले त्यांच्या स्वतःच्या घरातला पाळणा असा वारंवार रिता होत होता. ईयोबाचा ग्रंथ आपण वाचतो, तेव्हा अशा माणसांची आठवण ठेवावी.

पंचवटीतील आश्रम

याच सुमारास पंडितजींची वृत्ती अधिकाधिक विरक्त होत गेली. त्यांनी भगवी वस्त्रे धारण केली आणि नाशिकला पंचवटीत रामनाम आधार आश्रम स्थापन केला. आता मैफलीपेक्षा भजन आणि तुलसीरामायणावरील प्रवचन यांतच त्यांचे मन रमू लागले. रघुपती राघव या रामधुनीची सर्वत्र प्रचलित असलेली चाल त्यांच्याच नावाने सांगितली जाते. काँग्रेसच्या अधिवेशनांतून वंदे मातरम् गाण्याची सेवाही ते करीत असत. महात्मा गांधींना साबरमतीच्या आश्रमासाठी संगीताचा जाणकार माणूस हवा होता, तेव्हा पंडितजींनी आपले शिष्य नारायण मोरेश्वर खरे यांना तेथे पाठविले. खरे यांनीच आश्रमातील सायंप्रातः प्रार्थनेला स्वर दिला आणि १९३० च्या दांडीयात्रेत ते गांधीजींबरोबर चालत गेले.

पंचवटीतील त्या वर्षांचा विचार करताना आम्हांस वाटते की, येथे एका माणसाने पराभवाचे काय करावयाचे, हे दाखवून दिले. इमारत गेली म्हणून त्यांनी कोणास शिव्याशाप दिले नाहीत वा शिकविणे थांबविले नाही. जे विद्यार्थी बरोबर आले त्यांना घेऊन नदीकाठी नव्याने प्रारंभ केला. स्वर तोच, शिस्त तीच; फक्त छप्पर साधे झाले.

पुढे प्रकृती खालावली, अर्धांगवायूने शरीर जखडले. २१ ऑगस्ट १९३१ रोजी मिरज येथे, म्हणजे जेथे गुरूच्या चरणांशी बसून पहिला षड्ज लावला त्याच गावी, त्यांचे देहावसान झाले. तेव्हा ते एकोणसाठ वर्षांचे होते. मुलगा दत्तात्रय दहा वर्षांचा होता.

शिष्य हीच इमारत

गुरूच्या मृत्यूनंतर चार महिन्यांच्या आत, १९३१ सालीच, त्यांचे शिष्य अहमदाबादेत एकत्र आले आणि त्यांनी गांधर्व महाविद्यालय मंडळाची स्थापना केली. आज अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळ या नावाने ज्या परीक्षा देशभर घेतल्या जातात त्या याच मंडळाच्या. विनायकबुवा पटवर्धन यांनी १९३२ साली पुण्यात गांधर्व महाविद्यालय सुरू केले. ओंकारनाथ ठाकूर यांनी पुढे बनारस हिंदू विद्यापीठात संगीताच्या शिक्षणाची धुरा वाहिली. नारायणराव व्यास यांचा आवाज ध्वनिमुद्रिकांतून घरोघर पोहोचला. बी. आर. देवधर यांनी मुंबईत विद्यालय काढले, पाश्चात्त्य संगीताचाही अभ्यास केला, संगीतकारांची चरित्रे लिहिली आणि कुमार गंधर्वांसारखा शिष्य घडविला. अनाथ झालेल्या दत्तात्रयास याच गुरुबंधूंनी शिकविले. तोच पुढे डी. व्ही. पलुस्कर म्हणून नावारूपास आला आणि १९५५ साली अवघ्या चौतिसाव्या वर्षी कालवश होण्यापूर्वी पित्याचे स्वर त्याने पुन्हा जिवंत केले. विटांची इमारत लिलावात गेली होती, माणसांची राहिली. तिच्यावर कोणत्याही सावकाराला बोली लावता आली नसती.

सत्याला धरून दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. पंडितजींच्या विद्यालयाचे वातावरण हिंदू भक्तिपरंपरेचे होते. ज्या ग्वाल्हेर गायकीचा त्यांनी प्रसार केला तिचे आद्य आचार्य हद्दू खाँ व हस्सू खाँ हे मुसलमान गायक होते. अशा उस्तादांच्या घराण्यांना या नव्या विद्यालयांत पुरेसे स्थान मिळाले नाही, असे अलीकडील अभ्यासक म्हणतात. जुन्या चिजांतील शृंगारिक शब्द बदलून भक्तिपर शब्द घालण्याची त्यांची रीतही सर्वांना पटली नाही. वर्गात बसून थोर गायक निर्माण होत नाहीत, हा आक्षेप तर त्यांच्या हयातीतच घेतला गेला. त्यावर त्यांचा विचार असा सांगितला जातो की, प्रत्येकजण तानसेन होणार नाही; पण चांगले ऐकणारा कान तरी प्रत्येकाला मिळावा. मोठ्या माणसांचेही कार्य अपुरे असते. ते पुढे नेणे व त्यातील उणीव भरून काढणे हे नंतरच्यांचे काम.

आपल्यासाठी एक प्रश्न

वाचकहो, आता आपल्या अंगणाकडे वळू या. मराठी ख्रिस्ती समाजाला गाण्याचा मोठा वारसा लाभला आहे. फादर थॉमस स्टीफन्स यांनी १६१६ साली प्रसिद्ध झालेले 'क्रिस्तपुराण' ओवीबद्ध रचले, ते लोकांनी गावे म्हणूनच. प्रॉटेस्टंट बंधूंतील रेव्हरंड नारायण वामन टिळक हे पलुस्करांचे समकालीन. त्यांनी कीर्तन व भजन ख्रिस्ती उपासनेत आणले आणि त्यांची पदे आपणही प्रेमाने गातो. दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेने १९६३ सालच्या पवित्र उपासनाविषयक संविधानात प्रत्येक देशाच्या स्वतःच्या संगीतपरंपरेला योग्य मान व स्थान द्यावे, असे शिकविले. त्याच दस्तऐवजात सेमिनरीत, मठांत व कॅथलिक शाळांत संगीताच्या शिक्षणावर भर द्यावा, असेही सांगितले आहे. पहिली शिकवण आपण उत्साहाने स्वीकारली. पेटी-तबला चर्चमध्ये आला. दुसरीचे काय?

आज गायकवृंदातील तरुण भ्रमणध्वनीवर गीत ऐकतात, दोनदा म्हणून पाहतात आणि रविवारी गातात. त्यांच्या उत्साहाला आम्ही नावे ठेवीत नाही. पण शिकविणारा माणूस समोर नसतो, चुकलेला स्वर कोणी थांबवून दुरुस्त करीत नाही, शब्दांचा अर्थ कोणी समजावीत नाही. वडीलधाऱ्यांच्या कंठात असलेल्या आपल्या जुन्या भजनांच्या चाली कोणी लिहून ठेवलेल्या नाहीत. एकेका वृद्ध गायकाच्या अंत्यविधीबरोबर त्यांतील काही चाली आपण मातीला देत आहोत. शंभर वर्षांपूर्वी पलुस्करांना ज्या हानीने अस्वस्थ केले तीच ही हानी आहे, आणि ती आपल्या डोळ्यांसमोर घडत आहे.

याला फार मोठा उपाय लागत नाही. प्रत्येक धर्मग्रामात ज्याला संगीत येते अशा एकाने आठवड्यातील एक तास पाच मुलांसाठी द्यावा. संगीताची परीक्षा उत्तीर्ण झालेल्या आपल्याच मुलांनी वहीत एकेका जुन्या भजनाची चाल स्वरलिपीत उतरवून घ्यावी व ती वही चर्चमध्ये ठेवावी. पहिल्या आठवड्यात कोणी आले नाही तर लाहोरच्या त्या रिकाम्या वर्गातील तंबोरा आठवावा.

गव्हाचा दाणा जमिनीत पडल्यावाचून पीक येत नाही, हे प्रभू येशूने आपणांस शिकविले आहे. पंडितजींनी ती शिकवण आपल्यासारखी शुभवर्तमानात वाचली नसेल. पण मैफलीचा मान, पैसा आणि डोक्यावरचे छप्पर देऊन टाकून त्यांनी इतरांच्या कंठात जे पेरले त्याचे पीक आपणही घेत आहोत. पुढच्या खेपेस पंचवटीतून जाताना क्षणभर त्यांची आठवण करावी, आणि आपल्यालाही जे फुकट मिळाले ते फुकट देण्याची बुद्धी परमेश्वराने द्यावी, अशी प्रार्थना करावी.